स्पॅनिश रायडिंग स्कूल, व्हिएन्ना: आधी सकाळचा रियाज बघा, मग परफॉर्मन्स

आई-बाबा वसंतात आमच्याकडे म्युनिकला आले होते तेव्हा व्हिएन्नाचा प्लॅन ठरला, ट्रेनने चार तास लागतात, आणि बाबांनी एकच गोष्ट मागितली की तिथल्या स्पॅनिश रायडिंग स्कूलचे, म्हणजे जिथे घोडे आणि स्वार दोघांनाही शिकवतात त्या शाळेचे, ते पांढरे घोडे बघायचेत. बाबा पशुसंवर्धन खात्यात डॉक्टर होते, नोकरीतली बरीच वर्षं नंदुरबार-धुळ्याकडे गेली, दत्तजयंतीला सारंगखेड्याला तापीकाठी घोड्यांचा बाजार भरतो तिथे त्यांची कॅम्प ड्युटी असायची, त्यामुळे घोडा दिसला की ते आधी पाय बघतात, मग चाल, मग तोंड, आणि रंग सगळ्यात शेवटी. या रिव्ह्यूमधलं घोड्यांबद्दलचं निम्मं तरी त्यांचं आहे.

आधी तिकिटाचं सांगते कारण बहुतेकांचा घोळ इथेच होतो. इथे दोन वेगळ्या गोष्टी असतात. एक म्हणजे पूर्ण परफॉर्मन्स, तो शक्यतो शनिवार-रविवारी असतो, आणि दुसरं म्हणजे आठवड्यातल्या इतर काही दिवशी सकाळी दहाला सुरू होणारं ट्रेनिंग, मागे म्युझिक लावलेलं असतं आणि घोडे-स्वार त्यांचा रोजचा सराव करत असतात. ट्रेनिंगचं तिकीट परफॉर्मन्सच्या मानाने खूपच स्वस्त. मी घाईत एका तिसऱ्याच साइटवरून बुकिंग केलं, तिथे मोठ्या अक्षरात 'लिपिझानर शो' लिहिलेलं (लिपिझानर म्हणजे याच पांढऱ्या घोड्यांची जात), पैसेही जास्तीचे लावले, आणि दारात गेल्यावर कळलं की हे ट्रेनिंगचं तिकीट आहे. मी जाम वैतागले, एवढ्या लांबून बाबांना घेऊन आले आणि हे असं. बाबा म्हणाले, "अगं बरंच झालं. नाचणारे घोडे मी हजार बघितलेत, शिकणारा घोडा बघायला कुठे मिळतो?" तर तिकीट शाळेच्या स्वतःच्या साइटवरूनच काढा, मिखाएलरप्लाट्झला त्यांचं ऑफिसही आहे, आणि आपण नक्की काय बुक करतोय ते दोनदा वाचा.

आता हॉलबद्दल. हॉफबुर्ग म्हणजे ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग राजघराण्याचा राजवाडा, त्याच्यातच हा विंटर रायडिंग हॉल आहे, सम्राट सहाव्या कार्लने बांधून घेतला, 1729 ते 1735, आर्किटेक्ट योझेफ इमॅन्युएल फिशर फॉन एर्लाख. 55 मीटर लांब, 18 रुंद, 17 उंच, 46 खांब आणि सगळं पांढरंशुभ्र, वर झुंबरं, खाली रेती. दारातून आत पाऊल टाकलं की आपोआप आवाज खाली येतो. आई म्हणाली, "हे देऊळ आहे का घोड्यांची तालीम?" आणि मला तेव्हापासून तालीम हाच शब्द बरोबर वाटतोय. याच हॉलमध्ये 1743 च्या जानेवारीत याच कार्लची मुलगी आणि वारस मारिया तेरेझाने फक्त बायकांची घोडेस्वारीची कवायत भरवली होती आणि स्वतः त्यात उतरली होती, आणि 1848 मध्ये ऑस्ट्रियाची पहिली निवडून आलेली राइशटाग म्हणजे संसद इथेच बसली. मारिया तेरेझाचं ऐकून आई एकदम खूश, पण त्याच वास्तूत नंतर शाळेने मुलींना शिकायला घेतलं ते थेट 2008 मध्ये, हे वाचून ती तेवढीच गप्प झाली.

तर सकाळचं ट्रेनिंग. पाचसहा स्वार एकाच वेळी हॉलमध्ये असतात, प्रत्येकाचं आपापलं चाललेलं, कुणी नुसता चालवतोय, कुणी तिरकं सरकवतोय, कुणी कोपऱ्यात उभा राहून घोड्याला थोपटतोय. काही वेळाने ते जातात आणि दुसरे येतात. कुणी काही अनाउन्स करत नाही, कुणी टाळ्यांची वाट बघत नाही. आमच्या मागे बसलेली मंडळी वीस मिनिटांत उठून गेली आणि जाताना म्हणत होती की घोडे नुसते चालतायत. मीही पहिली दहा मिनिटं तेच बघत होते, मग बाबांनी एकेक सांगायला सुरुवात केली आणि तास कसा गेला कळलं नाही.

"त्याचे कान बघ." एक कान पुढे, एक मागे स्वाराकडे वळलेला, म्हणजे घोडा ऐकतोय. दोन्ही कान मागे चिकटले तर तो चिडलाय. "आता तोंड बघ, नाकाड छातीकडे ओढून आणलंय का?" नव्हतं, कपाळ-नाकाची रेघ जमिनीला जवळजवळ काटकोनात, नाक उलट जरासं पुढे. हे महत्त्वाचं का, तर आजच्या स्पर्धांच्या ड्रेसाजमध्ये, म्हणजे घोड्याकडून ठरलेल्या चाली नीट करून घेण्याच्या प्रकारात, घोड्याची मान जबरदस्तीने छातीपर्यंत वाकवण्याच्या पद्धतीवरून मोठा वाद झालाय, 2010 मध्ये घोडेस्वारीच्या आंतरराष्ट्रीय फेडरेशनला सांगावं लागलं की जोर लावून असं वाकवणं मान्य नाही. बाबांना हा वाद माहीत नव्हता, मी रात्री हॉटेलवर वाचून सांगितलं, तर ते म्हणाले, "फेडरेशन कशाला हवंय, मान आवळलेल्या घोड्याची पाठ मोकळी चालते का?" आणि शेपटी. शेपटी सैल, चालीच्या लयीत डुलते का ते बघायचं. सारखी फटकारत असेल तर कुठेतरी त्रास आहे.

एक घोडा होता, अजून पूर्ण पांढरा न झालेला, राखाडी, त्याला स्वार जागच्या जागी दुडकी करायला सांगत होता, त्याला पियाफ म्हणतात, घोडा पुढे न जाता एका तालात पाय उचलत राहतो. त्याला जमेना. दोनचार पावलं बरी पडायची आणि मग तो पुढे पळायचा. स्वाराने हिसका नाही मारला, ओरडला नाही, त्याला साध्या चालीत एक चक्कर मारून आणलं, लगाम लांब सोडला, आणि पुन्हा विचारलं. पुन्हा नाही. पुन्हा चक्कर. चौथ्यांदा सहा-सात पावलं नीट पडली, स्वाराने तिथेच थांबवला, कोटाच्या मागच्या खिशातून साखरेचा खडा काढून दिला आणि खाली उतरला. त्या दिवसाचं संपलं. बाबा कितीतरी वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले, "जमलं की लगेच थांबणं हे भल्याभल्या चाबूकस्वारांना कळत नाही, एकदा जमलं की अजून दहा वेळा करून घेतात आणि घोडा खराब करतात."

मला या शाळेबद्दल जे काही सांगायचंय ते या एका घोड्यात आहे. हे ज्याला क्लासिकल ड्रेसाज म्हणतात त्याचा सगळा पाया असा की घोड्याला निसर्गाने जे येतं तेच, कुरणात शिंगरं खेळताना जे करतात तेच, त्याच्या मर्जीने, पाठीवर माणूस असताना करून दाखवायला शिकवायचं. साधारण 2400 वर्षांपूर्वी झेनोफन नावाच्या ग्रीक माणसाने लिहून ठेवलंय की घोडा जे जबरदस्तीने करतो त्याला ना समज असते ना सौंदर्य, नर्तकाला चाबूक मारून नाचवावं तसंच ते. नंतर हे युरोपात पुन्हा वर आलं, अठराव्या शतकात फ्रान्सच्या ला गेरिनिएरने त्याला शिस्त लावली, आणि व्हिएन्नाची शाळा आजही त्याचंच मानते. हे सगळं इथे तोंडी चालत आलंय, मोठा स्वार धाकट्याला सांगतो, आपल्या गाण्याच्या घराण्यासारखं. 2015 मध्ये युनेस्कोने अमूर्त वारशाच्या यादीत या शाळेची घोडेस्वारी घेतली.

शिकण्याची पद्धतही घराण्यासारखीच आहे. नवीन येणारा मुलगा किंवा मुलगी म्हणजे 'एलेव्ह', आधी पागेतली कामं, खरारा करणं, जीन साफ करणं, आणि स्वारी शिकायची ती दोरीवर गोल फिरणाऱ्या घोड्यावर, रिकीब नाही, लगाम नाही, नुसतं बूड घट्ट बसायला शिकायचं, ते कितीतरी महिने. आणि शिकवणारा कोण, तर म्हातारा अनुभवी घोडा. सगळं येणारा घोडा नवशिक्या स्वाराला शिकवतो आणि सगळं येणारा स्वार नवशिक्या घोड्याला शिकवतो, दोन नवशिके एकत्र कधीच ठेवत नाहीत. चार ते सहा वर्षांनी असिस्टंट स्वार होता येतं, मग एक कोवळा घोडा हातात घेऊन त्याला शेवटपर्यंत स्वतः तयार करायचा, त्यात आणखी तेवढीच वर्षं, तेव्हा कुठे पूर्ण स्वार. घोड्याचंही तसंच, चार वर्षांचा झाला की शिक्षण सुरू आणि सगळं यायला साधारण सहा वर्षं. कमाल वाटते, आज कुठल्या कामाला एवढा वेळ देतात?

दुसऱ्या दिवशी अकराचा परफॉर्मन्स, तिकिटं आम्ही काउंटरवर मिळतील ती घेतली. सगळं बदललेलं. स्वारांचे तपकिरी कोट, दोन टोकांच्या काळ्या टोप्या, पांढऱ्या विजारी, गुडघ्याच्या वर जाणारे काळे बूट, घोड्यांवर पांढऱ्या कातड्याची जिनं. हातात चाबूक नाही, बर्चच्या झाडाची साधी सोललेली काडी. रांगेत आत येतात आणि समोरच्या भिंतीवर सहाव्या कार्लचं चित्र आहे त्याला टोपी काढून सलाम करतात, प्रत्येक वेळी, ज्याने ही जागा दिली त्याला, म्हणजे जवळजवळ तीनशे वर्षांनी अजून. आई तिथेच जिंकली गेली.

पहिले येतात कोवळे घोडे, आणि हे पांढरे नसतात! लिपिझानर शिंगरू जन्माला येतं तेव्हा काळं किंवा गडद तपकिरी असतं, सहा ते दहा वर्षांत हळूहळू पांढरं होत जातं, त्यामुळे हॉलमध्ये रंग बघून वय आणि शिक्षण दोन्हीचा अंदाज येतो. क्वचित एखादा शेवटपर्यंत गडदच राहतो आणि असा एक तरी घोडा शाळेत असावा, तो शुभ असतो अशी त्यांची श्रद्धा आहे. आपल्याकडे पंचकल्याणी शुभ मानतात तसंच. घोडे उंचीला फार नाहीत, खांद्यापाशी साधारण 155 सेंटिमीटर, पण मान जाड, छाती रुंद, आणि पुठ्ठे असे भरलेले की बाबा म्हणाले सगळं बळ मागे आहे.

ते बळ कशाला ते नंतर कळलं. परफॉर्मन्सचा सगळ्यात प्रसिद्ध भाग म्हणजे जमिनीवरून उठायचे प्रकार. लेवाड बघताना सोपं वाटतं, घोडा पुढचे पाय उचलून उभा, फोटोंमध्ये आपण पुतळ्यांत बघतो तसा. पण बाबांनी कानात सांगितलं की उभा सरळ कुठलाही चिडलेला घोडा राहतो, तो स्वतःचा तोल सांभाळायला उंच जातो, कठीण आहे ते खाली राहणं. लेवाडमध्ये घोडा मागचे पाय खोल दुमडून जवळजवळ बसतो आणि पुढचं अंग 35 अंशांच्या आसपास उचलून धरतो, जितका कोन कमी तितका मागच्या सांध्यांवर भार जास्त, आणि तिथे तो हलत नाही. तीन-चार सेकंद. पूर्ण हॉलमध्ये श्वास रोखलेला. कूर्बेट म्हणजे मागच्या पायांवर उभा राहून पुढचे पाय न टेकवता उड्या मारत पुढे जाणं. आणि काप्रिओल, घोडा सगळाच्या सगळा हवेत जातो आणि वर असताना मागचे दोन्ही पाय झटक्यात मागे फेकतो, तो आवाज, ती झडप मला अजून ऐकू येते. हे करताना स्वाराला रिकीब नसते. आणि सगळे घोडे हे करत नाहीत, ज्याला ज्याची मुळात आवड दिसते त्याला तेवढंच शिकवतात, काहींना हे कधीच करायला लावत नाहीत.

सगळीकडे सांगतात की हे प्रकार लढाईतून आले, शत्रू घेरला की घोड्याने अशी उडी मारायची वगैरे. बाबांना हे अजिबात पटलं नाही आणि मलाही नाही. लढाईत घोडा असा पोट उघडं टाकून उभा राहिला तर पहिला भाला तिथेच, आणि गर्दीत काप्रिओलला जागा कोण देणार? चपळ, आज्ञा पाळणारा घोडा लढाईत लागायचाच, ते खरं, पण या उड्या दरबाराच्या कलेतल्या वाटतात, आणि कला म्हणून त्या पुरेशा मोठ्या आहेत.

माझं सगळ्यात आवडतं मात्र वेगळंच होतं. एक घोडा, पाठीवर कुणीच नाही, स्वार त्याच्या मागे अगदी पुठ्ठ्याला चिकटून चालतोय, हातात लांब लगाम, आणि घोडा तिरकं चालतो, गिरकी घेतो, संथ तरंगती दुडकी करतो, जणू दोघांनी आधीच ठरवलंय. लाथेच्या टप्प्यात माणूस इतका निवांत चालतो यातच त्या दोघांची वर्षानुवर्षांची ओळख दिसते. शेवटी आठ घोड्यांची क्वाड्रिल, आठही एका मापात, एकमेकांतून आरपार जातात तरी एक पाऊल चुकत नाही, त्याबद्दल मी जास्त लिहीत नाही, ती बघायचीच गोष्ट आहे. फोटो-व्हिडिओला परफॉर्मन्समध्ये बंदी आहे आणि मला ते फार बरं वाटलं, सगळ्यांची नजर घोड्यांवर होती.

दुपारी गाइडेड टूर घेतली, ती चुकवू नका. रस्त्यापलीकडे श्टालबुर्ग म्हणून सोळाव्या शतकातली वास्तू आहे, मधे चौक आणि भोवती तीन मजली कमानींचे सज्जे, आणि खाली घोड्यांची पागा. प्रत्येक घोड्याच्या पाटीवर दोन नावं, पहिलं बापाच्या वंशाचं, दुसरं आईचं. सहा जुने वंश आहेत: प्लूटो, कॉन्व्हर्सानो, मायस्टोसो, फावोरी, निआपोलितानो, सिग्लावी. म्हणजे घोड्याच्या नावात आईचं नाव कायम राहतं, आईने हे दोनदा वाचायला लावलं. हात लावायला परवानगी नाही, नर घोडे आहेत, चावतात.

'स्पॅनिश' का हेही तिथेच कळलं, स्वारांचा स्पेनशी संबंध नाही, घोडे मूळचे स्पेनकडून आणलेले म्हणून. 1572 च्या कागदात स्पॅनिश रायडिंग हॉलचा उल्लेख आहे. 1580 मध्ये हाब्सबुर्ग घराण्यातल्याच आर्चड्यूक कार्लने (हॉल बांधणारा सम्राट कार्ल वेगळा) लिपिका गावात घोड्यांची पैदास सुरू केली, ते गाव आज स्लोव्हेनियात, आणि त्यावरूनच लिपिझानर. पहिल्या महायुद्धानंतर साम्राज्य गेलं, घोड्यांची वाटणी इटली-ऑस्ट्रियात झाली, आणि 1920 पासून ऑस्ट्रियातली पैदास श्टायरमार्क प्रांतातल्या पीबर गावात होते, व्हिएन्नात येणारे घोडे तिथेच जन्मतात आणि लहानपणी उन्हाळ्यात डोंगरातल्या कुरणात मोकळे वाढतात.

आणि 1945. शाळेचा प्रमुख तेव्हा आलोइस पोधायस्की, 1936 च्या ऑलिंपिकमध्ये ड्रेसाजचं ब्राँझ मिळवलेला माणूस. त्याने बॉम्बहल्ल्यांतून घोडे व्हिएन्नाबाहेर अप्पर ऑस्ट्रियात नेले, आणि 7 मे ला अमेरिकेचा जनरल पॅटन तिथे आला तेव्हा त्याच्यासमोर परफॉर्मन्स करून त्याच्याकडे घोड्यांसाठी संरक्षण मागितलं. घोड्या आणि शिंगरं तर तिकडे चेकोस्लोव्हाकियात होस्टाऊला अडकलेली, ती अमेरिकन सैन्याने एप्रिलअखेरीस ताब्यात घेऊन वाचवली, रशियन फौजा जवळ येत होत्या आणि उपासमारीच्या दिवसांत घोडा म्हणजे मांस. शाळा व्हिएन्नात परत आली ती 1955 मध्ये. बाबा ऐकता ऐकता पागेच्या दाराला टेकून उभे राहिले, समोर एक म्हातारा पांढरा घोडा गवत खात होता, आणि ते म्हणाले, "वंश तुटायला एक वर्ष पुरतं गं." मराठ्यांच्या स्वाऱ्या ज्याच्यावर झाल्या तो आपला भीमथडी घोडा किती उरलाय हे त्यांनी नोकरीत स्वतः बघितलंय.

काही कामाच्या गोष्टी. फक्त एकच जमणार असेल आणि लहान मुलं बरोबर असतील तर परफॉर्मन्स बघा, साधारण सव्वा तासाचा आहे. घोड्यांची थोडी जरी आवड असेल तर ट्रेनिंग नक्की, आणि जमलं तर आमच्यासारखं ट्रेनिंग आदल्या दिवशी, म्हणजे परफॉर्मन्समधल्या तीन सेकंदांमागे काय आहे ते डोळ्यासमोर राहतं. ट्रेनिंगला लवकर जाऊन पुढची जागा धरा, कान आणि तोंड जवळूनच दिसतं. उभं राहून बघायची तिकिटं स्वस्त असतात पण ज्येष्ठ माणसं असतील तर घेऊ नका. उन्हाळ्यात घोडे सुट्टीवर गावाकडे जातात, त्यामुळे जुलै-ऑगस्टमध्ये जाणार असाल तर कॅलेंडर आधी बघा. माझ्याकडून पाचपैकी पाच, बाबांनी विचारल्यावर फक्त एवढंच सांगितलं की एकाही घोड्याच्या तोंडाला फेसात रक्त नव्हतं आणि एकही लंगडत नव्हता, त्यांच्याकडून याहून मोठी पावती मी ऐकलेली नाही.

आणि तिकीट परवडत नसेल तरी सकाळी दहाच्या आधी श्टालबुर्ग आणि हॉलच्या मधल्या गल्लीत जाऊन उभं राहा. पागेचं दार उघडतं, गाड्या थांबतात, आणि पांढरे घोडे एकामागे एक रस्ता ओलांडून कामाला जातात. निघायच्या दिवशी बॅगा घेऊन आम्ही तिथेच उभे होतो, तो राखाडी घोडाही त्यात होता, बाबांनी चालीवरून ओळखला.